संकलन : कै. मानसिंग पांढरे

मंगळवारी सकाळी अकराच्या सुमाराला ऋतुराजकडून टायटल्सची फाईल आली. सोबत निरोप : 'काकू, फक्त टायटल्स बसवायची राहिलीत. तेवढी टाका आणि शुक्रवारी फायनल द्या. रविवारी सोलापुरात पहिला शो. लव्ह यू काकू.'

मी कुकरखालचा गॅस बंद केला, हात पुसले आणि कॉम्प्युटरसमोर बसले. टायटल्स बसवायला डोकं लागत नाही. एकेक पाटी उचलायची, चित्रावर ठेवायची, चार सेकंद द्यायचे, पुढची उचलायची. म्हणून मी वाचतसुद्धा नव्हते. 'म्हशीची साक्ष'. लेखन-दिग्दर्शन ऋतुराज. निर्मिती ऋतुराज आणि मित्रमंडळी. छायाचित्रण. ध्वनी. आणि मग,

संकलन
कै. मानसिंग पांढरे
(मानसिंग व्हिडिओ, सोलापूर)

ती पाटी मी माझ्याच हातानं उचलून जागेवर ठेवली. चार सेकंद दिले. पुढची उचलली आणि मग हात थांबला.

कैलासवासी मानसिंग पांढरे म्हणजे माझा नवरा. त्यांना जाऊन चार वर्षं झाली. ह्या सिनेमाचं शूटिंग करकंबला झालं ते दोन वर्षांपूर्वी. म्हणजे जे चित्र अजून कुणी काढलंच नव्हतं, ते मानसिंगनी वर बसून बघितलं, कापलं, जोडलं आणि एकशे अठरा मिनिटांत बसवलं. मग मी चौदा महिने ह्या खुर्चीत बसून काय करत होते? तेही लिहिलेलं होतं, अगदी शेवटी, लोक चपला शोधत असतात तेव्हा सरकणाऱ्या नावांत. 'विशेष आभार : वैजयंतीकाकू (जेवण आणि माया)'.

माया! मी खुर्चीतून उठले, स्वयंपाकघरात गेले, भांडं घेतलं, पाणी प्यायले नाही, भांडं तसंच आपटून परत आले. पाटी तिथंच होती. अक्षर चांगलं होतं, सोनेरी.

मला राग येतो तेव्हा मी काम करते. ही माझी वाईट सवय आहे, आणि तिच्यावर अनेकांचं भागलेलं आहे. त्या वेळी मात्र मी काम केलं नाही. खुर्चीत नुसती बसून राहिले.

हे एका दिवसात झालेलं नाही, हे मला मान्य आहे. त्यात माझा हात आहे.

लग्न होऊन मी नातेपुत्याहून सोलापूरला आले तेव्हा मानसिंग लग्नाच्या व्हिडिओ शूटिंगची कामं घ्यायचे. दोन व्हीसीआर, एक मिक्सर, एक टीव्ही, आणि ते सगळं चालवायला शिवानंद नावाचा पगारी माणूस. ऐन वैशाखात शिवानंद पुण्याला निघून गेला. घरात अकरा लग्नांच्या कॅसेट पडलेल्या. मानसिंगनी दोन दिवस बटणं दाबून बघितली. तिसऱ्या दिवशी एका नवरीच्या पाठवणीवर दुसऱ्याच लग्नाची वरात चढवली आणि कपाळाला हात लावून बाहेर जाऊन बसले. मी पोळ्या लाटत होते. पीठ तसंच ठेवून मी त्या मशीनसमोर बसले ती अजून बसलेलीच आहे.

मला कुणी शिकवलं नाही. दुपारी टीव्हीवर सिनेमा लागला की आवाज बंद करायचा आणि चित्र बदललं की एक चिंचोका इकडून तिकडे टाकायचा. भांडणात चिंचोके भराभर जातात, आईचं पोर हरवलं की एकही जात नाही. कॅलेंडरच्या मागच्या बाजूला लिहून ठेवायचं. एवढीच माझी शाळा. पुढं कॅसेट गेल्या, कॉम्प्युटर आला, गाण्यांचे अल्बम आले, अक्कलकोटकडचे कानडी अल्बमसुद्धा मी कापले. कानडी मला त्यातूनच यायला लागलं.

तर पहिल्याच वर्षीची गोष्ट. राजशेखर नावाचं गिऱ्हाईक आलं, बहिणीच्या लग्नाची कॅसेट घेऊन. कसं कोण जाणे, त्याच्या कानावर गेलेलं. म्हणाला, "मिक्सिंग तुमच्या मंडळी करतात म्हणे? अहो, बाईमाणसाच्या हातात कसं द्यायचं? लग्न काय परत लावायचंय का?"

मानसिंग हसून म्हणाले, "छे हो! ती कशाला करंल? मीच बसतो की."

मी दाराआड उभी होते आणि पदर तोंडात धरून हसत होते. काय फसवलं त्याला! आमचं दोघांचं गुपित वाटलं होतं ते मला. मग फोनवर मीच सांगायला लागले, "हे मिक्सिंगला बसलेत, उठले की सांगते." हे समोर चहा पीत असायचे. गिऱ्हाइकाला सांगितलं, पाव्हण्यांना सांगितलं, नातेपुत्याला सासूबाईंना सांगितलं. वीस वर्षं सांगितलं. इतकं चोख सांगितलं की आता सिनेमाच्या पडद्यावर सोनेरी अक्षरात येत होतं.

मी ऋतुराजला फोन लावला.

ऋतुराज मूळचा करकंबचा, शिकला पुण्यात. पोरगा गुणी आहे, हे मी रागातसुद्धा म्हणेन. त्याचा सिनेमा दोन भावांच्या कोर्टातल्या भांडणाचा, एका भाकड म्हशीवरून. म्हैस मी मिळवून दिली, करकंबच्या गुरुशांत सावकारांच्या गोठ्यातली. गावातली परवानगी, शाळेच्या खोल्या, म्हशीचा चारा आणि म्हशीपेक्षा जास्त नखरे असलेल्या नटाची खाट, सगळं मी बघितलं. पुण्यात त्याला निर्मिती म्हणतात. करकंबात त्याला 'ती सोलापूरची बाई कुटं गेली?' म्हणतात. आणि शूटिंगच्या सोळाव्या दिवशी कळलं की भाकड म्हैस गाभण आहे. ऋतुराज बांधावर बसून रडला. मीच त्याला म्हटलं, की रडू नकोस, रेडकू होऊ दे, भांडण आता रेडकावरून लावू. सिनेमाचा शेवट तिथं सापडला.

"काकू!" तो फोनवर आनंदानं ओरडला. "बसली का टायटल्स?"

"बसली. एक उठलंय. संकलन कोणी केलंय रे?"

तो म्हणाला, "म्हणजे... तुम्हाला आवडलं नाही का? मला वाटलं, तुम्हाला भरून येईल."

"भरून आलंय. म्हणूनच फोन केलाय. तुझे काका गेले त्याच्यानंतर दोन वर्षांनी म्हैस आणली आपण. मग त्यांनी कापलं कुठून? वरनं?"

"काकू, ते ट्रिब्यूट आहे हो."

"ट्रिब्यूटला 'स्मरणार्थ' म्हणतात. संकलन म्हणत नाहीत."

"पण आजींनीच सांगितलं ना मला! शूटिंगला असताना. म्हणाल्या, माझ्या लेकाचं नाव पाहिजे. मी शब्द दिला. मला वाटलं, तुम्ही दोघींनी ठरवलंय. तुम्हीसुद्धा फोनवर अजून 'मानसिंग व्हिडिओमधून बोलतेय' असंच म्हणता की."

हे खरं होतं. त्यामुळं मला जास्त राग आला.

"चौदा महिने माझ्या शेजारी बसून तू बघत होतास, ऋतुराज. कोर्टातला सीन पडत होता, रंगतच नव्हता, आठवतंय? तुझा तो म्हातारा नट, 'ॲक्शन' म्हणायच्या आधी नुसता कान खाजवत बसलेला, तो तुकडा टाकलेल्यातनं उचलून सीन कुणी उभा केला? काकांनी?"

"तुम्हीच, काकू. कोण नाही म्हणतंय? पण आता प्रॉब्लेम असा झालाय..." त्याचा आवाज बारीक झाला. "पुण्याच्या महोत्सवाला प्रेस नोट गेलीय. 'दिवंगत संकलकाची अखेरची कलाकृती.' त्यांना ते फार भिडलं. आणि काकू, असं बघा, तुमचं नाव काय, काकांचं नाव काय, घर एकच ना?"

"एकच आहे ना? मग दिग्दर्शक म्हणून तुझ्या वडिलांचं नाव टाकते. घर एकच. चालेल?"

पलीकडं त्यानं घसा खाकरला.

"बोल की! त्यांना पण भरून येईल."

"काकू, तुम्ही चिडू नका. मी इकडं पुण्यात टायटल्स टाकून घेतो, तुम्हाला त्रास नको."

"टाक की. फाईल कुणाकडं आहे?"

सिनेमाची पूर्ण फाईल माझ्या कॉम्प्युटरमध्ये होती. पुण्यात त्याच्याजवळ होती ती मागच्या दिवाळीतली, जिच्यात कोर्टाचा सीन अजून पडतच होता. हे त्याला आठवलं. मग म्हणाला, "दोघांची नावं टाकू या. मानसिंग-वैजयंती. जोडीनं. छान दिसेल."

"सत्यनारायणाला बसलोय का आम्ही जोडीनं?"

"मग आजींना तुम्ही सांगा," तो चक्क रडवेला झाला. "मी त्यांना शब्द दिलाय. त्यांच्या हातच्या भाकऱ्या खाल्ल्यात मी पस्तीस दिवस. मी नाही सांगू शकत."

फोन ठेवला. आता माझा राग बाहेरच्या खोलीत गेला, जिथं माझ्या सासूबाई मेथी निवडत बसल्या होत्या.

मथुराबाई पांढरे. वय ऐंशीच्या आसपास, नक्की कुणाला माहीत नाही. मुलगा गेल्यावर नातेपुत्याहून माझ्याकडं जुळे सोलापुरात आल्या. तोवर वर्षातनं दोनदा यायच्या, आणि त्या आल्या की आम्ही मशीनवर कापड टाकायचो. आता कापड नाही, पण त्यांना काही वेगळं वाटलेलं नाही. समोरच्या धनलक्ष्मीला सांगताना मी ऐकलंय : "सून माजी लई गुनी. पन दिवसभर टीवीच बगती बया. आनि काय बगती तर म्हस. एकच म्हस. तीच तीच."

मी समोर फरशीवर बसले. म्हटलं, "आत्या, ऋतुराजला तुम्ही नावाचं काय सांगितलं होतं?"

"व्हय, सांगितलं की." त्यांनी मान वर केली नाही. "घातलं का त्येनं? लई चांगलं पोरगं. मी म्हनलं त्येला, बाबा, नातेपुत्याच्या देवळाला आमी बाक दिला तवा त्येच्यावर मालकांचं नाव घातलं. शाळंला पंखा दिला, त्येच्या पात्यावर थोरल्या दिराचं. माझ्या मानसिंगचं कुटंच न्हाय. तुमच्या शिनिमात घाल म्हनलं."

"आणि संकलनावर घाल म्हणालात?"

"ते काय आसतं?"

"म्हणजे मिक्सिंग."

"त्यो म्हनला, आजी, कुटं घालू नाव? मी म्हनलं, जितं त्येनं काम केलं, तितं घाल."

बाईनं चुकीचं काहीच सांगितलं नव्हतं. तिला जे माहीत होतं ते तिनं सांगितलं, आणि जे माहीत होतं ते मीच तिला पाठ करून दिलं होतं. एक क्षण वाटलं, जाऊ दे. ऐंशी वर्षांची आई आहे. पडद्यावर चार सेकंद. माझं काय जातंय?

आणि त्या 'माझं काय जातंय'चाच मला इतका संताप आला की मी मेथीची जुडी त्यांच्या हातातून काढून घेतली.

"आत्या, ऐका. मिक्सिंग त्यांनी कधीच केलं नाही. एकदाही नाही. ते मी केलंय. पहिल्या वर्षापासून."

"काय बोलतीस?"

"खरं बोलतेय. लोक बाईच्या हातात कॅसेट देत नव्हते, म्हणून आम्ही खोटं सांगायचो. तुम्हालाही सांगितलं."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. डोळ्यांत आधी काहीच नव्हतं, मग हळूहळू सगळं आलं.

"त्यो गेला," त्या म्हणाल्या. "त्यो आता बोलाया येत न्हाय. आनि तू त्येच्या हातचं काम काडून घ्येतीस व्हय गं? मेलेल्या मानसाचं?"

"त्यांचं नव्हतंच ते!"

"मग काय करत हुता माझा ल्योक? बसून खात हुता?"

"बसून खात नव्हते. शूटिंग करत होते. उन्हातान्हात कॅमेरा खांद्यावर घेऊन फिरत होते. रुसलेल्या नवरीला हसवत होते. त्यांच्यासारखं लग्न कुणी शूट केलं नाही ह्या जिल्ह्यात. पण मिक्सिंग मी केलं."

"मला न्हाय पटत."

"उठा," मी म्हटलं. "उठा, या आत."

मी त्यांना दंडाला धरून आत नेलं, माझ्या खुर्चीत बसवलं. जुन्या लग्नांच्या काही कच्च्या कॅसेट मी कॉम्प्युटरवर घेऊन ठेवल्या आहेत. गिऱ्हाइकाला दिलेल्या नव्हेत, शूटिंगहून जशा आल्या तशा. मानसिंगची एक खोड होती. शूटिंग करताना ते कॅमेऱ्याशी बोलायचे. म्हणजे माझ्याशी. फोन तेव्हा खिशात नव्हते. जे सांगायचं ते तिथंच, चित्रावर, हळूच. घरी मी ते ऐकून तसं करायचे आणि सगळ्यात शेवटी त्यांचा आवाज पुसून त्यावर सनई टाकायचे. वीस वर्षांत मी माझ्या नवऱ्याचा आवाज किती वेळा पुसला असेल, त्याला गणती नाही.

मी बसलिंगप्पा अण्णा नावाच्या गिऱ्हाइकाच्या मुलीचं लग्न लावलं. दोन हजार तीन साल, अक्कलकोट रोडचा मांडव. पडद्यावर फेटे, फेटे, एक रडणारं पोर. आणि मग अगदी जवळून, जसं कानात,

"वैजू, ह्यो हिरव्या फेट्याचा पाव्हना बघ, सारखा मधी येतोय. ह्येला काढ. आनि ती कोपऱ्यातली म्हातारी ठेव, लई ग्वाड हसती."

सासूबाईंचा हात खुर्चीच्या दांडीवर घट्ट झाला.

"वैजू, आता मंगलाष्टका हायत्या. ह्यातली एक बी कापू नगंस. गेल्या बारीला एक खाल्लीस, त्यो नवरदेव अजून मला रस्त्यात गाठतोय. हां... आनि मला उशीर हुईल गं. आमटी झाकून ठेव."

सनई सुरू झाली, खरीखुरी, मांडवातली. मी थांबवलं.

"पुन्यांदा लाव," त्या म्हणाल्या.

मी पुन्हा लावलं. त्या पुढं वाकल्या, स्पीकरच्या जाळीला जवळजवळ कान लावून. तिसऱ्यांदा लावलं तेव्हा 'आमटी' म्हटल्यावर त्यांच्या तोंडातून बारीक हुंकार आला, त्यानं हाक मारल्यावर द्यावा तसा. मी दुसरीकडं बघितलं. चार वर्षांत मी हे एकदाही लावलं नव्हतं. मला काय होत होतं ते इथं लिहायचं नाही.

मग मागं सरून त्या म्हणाल्या, "तुज्याशी बोलतोय त्यो."

"हो."

"म्हंजी कापत तू हुतीस."

"हो, आत्या."

"आनि त्येला म्हाईत हुतं समदं."

"त्यांना नाही तर कुणाला?"

त्यांनी पदरानं नाक पुसलं. मग माझ्याकडं वळून, जसं बाजारात सडकं वांगं दाखवून विचारावं तसं विचारलं, "मग दारावरच्या पाटीवर तुजं नाव का न्हाय लावलं त्येनं?"

मी तोंड उघडलं. उत्तरं माझ्याकडं पुष्कळ होती. गिऱ्हाईक काय म्हणेल. तेव्हाचा काळच तसा होता. धंदा नवीन होता. सगळी उत्तरं तोंडाशी आली आणि तेव्हा लक्षात आलं की ही सगळी मानसिंगची आहेत, त्यांच्या आवाजात, मी फक्त जपून ठेवलीत. दहा वर्षांपूर्वी जुनी पाटी काढून नवीन फ्लेक्स केला. तोवर निम्म्या सोलापूरला माहीत झालं होतं कोण कापतं ते. पोरी कॅमेरे घेऊन लग्नात फिरत होत्या. तेव्हा काय अडलं होतं? फ्लेक्स छापायच्या आधी त्यांनी मला विचारलं होतं, अगदी प्रेमानं, "वैजू, मागं रंग कुठला ठेवू?" आणि मी म्हणाले होते, निळा.

निळा! सकाळपासून मी ऋतुराजवर चिडले, म्हातारीवर चिडले. ज्याच्यावर चिडायचं तो भिंतीवर हार घालून हसत होता, आणि तो इतका गोड माणूस होता की त्याच्यावर चिडायची मला कधी सवयच लागली नव्हती. त्या दिवशी लागली.

"नाही लावलं," मी म्हटलं. "लावायला पाहिजे होतं. त्यांनी चुकीचं केलं, आत्या. आणि मी बोलले नाही, ते मी चुकीचं केलं."

त्यांनी 'चुकीचं' हा शब्द ऐकून तोंड वाकडं केलं, पण नाही म्हणाल्या नाहीत.

मी दुसरी खुर्ची ओढली. सोनेरी पाटी उघडली. आधी 'कै.' पुसलं. मग एकेक अक्षर. पडदा रिकामा झाला तेव्हा सासूबाईंनी डोळे मिटून घेतले. त्यांना वाचता येत नाही, पण पुसलेलं दिसतं. मी टाइप केलं.

"काय लिवलंस? वाच."

"संकलन आणि कार्यकारी निर्मिती, वैजयंती पांढरे."

"मधी?"

"मध्ये काही नाही."

"मधी त्येचं नाव न्हाय घातलंस?"

"नाही."

"रेशन कार्डावर हाय. मतदानाच्या यादीत हाय. बाईचं नाव आसं मधी मोकळं ठेवत्यात व्हय?"

"ह्या पाटीवर ठेवतात."

"येवडं तरी घाल गं," त्यांचा आवाज फुटला. "मधी तर हाय. कुनाला दिसतंय?"

आणि खरं सांगायचं तर माझं बोट त्या मधल्या जागेवर गेलं होतं. सहा अक्षरंसुद्धा नाहीत. पण मला माहीत होतं काय होईल. ऋतुराजची प्रेस नोट त्या मधल्या नावावर उडी मारेल. पुण्यात कुणीतरी म्हणेल, पतीचा वारसा पुढं नेणारी. माझी चौदा महिन्यांची पाठदुखी पुन्हा वारसा होईल.

"नाही घालणार, आत्या."

"मग मी न्हाय येनार रविवारी."

"नका येऊ."

त्या उठल्या. दाराशी मेथीची जुडी पडली होती, ती उचलली आणि स्वयंपाकघरात गेल्या. थोड्या वेळानं ऊस तोडावा इतक्या जोरात मेथी चिरल्याचा आवाज आला.

मी शेवटच्या नावांत गेले. 'वैजयंतीकाकू (जेवण आणि माया)' काढलं आणि तिथं 'मथुराबाई पांढरे (दररोज चाळीस भाकऱ्या)' लिहिलं. हे त्यांना सांगितलं नाही. जिथं ज्यानं काम केलं तिथं त्याचं नाव, त्यांचाच हिशोब होता तो.

शुक्रवारी फाईल दिली. ऋतुराजनं आधी नुसता अंगठा पाठवला. तासाभरानं : 'प्रेस नोट बदलतोय. सॉरी काकू.' संध्याकाळी पुन्हा : 'महोत्सववाले जरा नाराज आहेत, पण बघू.' मी उत्तर दिलं नाही. नाराज! मेलेला संकलक गेला आणि जिवंत निघाली म्हणून नाराज.

घरात चार दिवस सासूबाई माझ्याशी बोलल्या नाहीत. ताट वाढायच्या, भिंतीला सांगायच्या, "जेवन झालंय म्हनावं." भिंत मला सांगायची.

रविवारी मी एकटीच निघाले. खाली उतरले तर फाटकाशी रिक्षा उभी, आणि आत सासूबाई बसलेल्या. जांभळं इरकल नेसून, पिशवी मांडीवर.

"तुज्यासाटनं न्हाय," त्या समोर बघत म्हणाल्या. "म्हशीसाटनं चाललीया. रेडकू कसं आलंय बगाया."

पार्क चौकाजवळचं सभागृह निम्म्याहून जास्त भरलं होतं. करकंबचे लोक दोन टेम्पो करून आले होते, गुरुशांत सावकार पहिल्या रांगेत, जसं काही म्हैस त्यांनी जन्माला घातली. आम्ही मधल्या रांगेत बसलो. सासूबाईंनी आमच्या दोघींमधली खुर्ची सोडली आणि तिच्यावर पिशवी ठेवली.

अंधार झाला. म्हशीचा पाठमोरा शॉट, पहाटेचा, धुकं. त्यावर नावं. करकंबच्या लोकांनी म्हशीला शिट्ट्या मारल्या. ऋतुराजचं नाव आलं, टाळ्या पडल्या. छायाचित्रण. मी खुर्चीच्या अगदी कडेवर आले. बावीस वर्षं दुसऱ्यांची लग्नं बसून बघितली, पण माझ्या स्वतःच्या लग्नातसुद्धा मी अशी कडेवर बसले नव्हते.

संकलन आणि कार्यकारी निर्मिती.

आणि नेमका आमच्या पुढच्या रांगेतला एक माणूस उठला. उशिरा आलेल्या कुणाला तरी हात हलवून बोलवत होता, "ये, हिकडं, हिकडं हाय जागा!" त्याचं डोकं बरोबर पडद्यावर. 'वैज' दिसत होतं आणि पुढं त्याचे कान.

त्या पाटीला मी चारऐवजी सहा सेकंद दिले होते. दिग्दर्शकालासुद्धा चारच दिलेत. त्यातले दोन गेले होते.

"ओ!" मी ओरडले. "बसा की खाली! ओ टोपीवाले! खाली बसा!"

सगळं सभागृह वळलं. तो माणूस दचकून बसला, टोपी हातात घेऊन. गुरुशांत सावकारांनी मागं बघितलं. पडद्यावर माझं नाव पूर्ण होतं, आणखी दीड-दोन सेकंद, आणि लोक माझ्याकडं बघत होते, नावाकडं एकही नाही.

सासूबाईंनी पिशवीवरून हात घालून माझा दंड ओढला. मंगळवारनंतर पहिल्यांदा माझ्याकडं बघून बोलल्या. "हळू की गं! लोकं बगाय लागल्यात!"

"बघू देत," मी म्हटलं.